कागदाचं अस्तर

ताईंनी चौतीस वर्षं कोटांना अस्तरं लावली आणि एवढ्या वर्षांत अख्खा कोट एकही शिवला नाही. दुकान मास्तरांचं, वरचं कापड कापायचं काम मास्तरांचं आणि गिऱ्हाइकाच्या खांद्यावरून हात फिरवत "वा, काय बसलाय!" म्हणायचं कामही मास्तरांचंच. ताई मागच्या खोलीत, खिडकीशी. अस्तर कापायचं, टाचायचं, लावायचं. कोट अंगात चढवून माणूस दुकानाची पायरी उतरला की ताईंचं काम जगाला दिसेनासं व्हायचं. बाही घालताना हात कुठे अडला नाही, खुर्चीत बसताना पाठीत ताण आला नाही, तर ते ताईंमुळे. पण हे घालणाऱ्याला माहीत नव्हतं, आणि ज्याला माहीत होतं त्याने कधी तोंड उघडलं नाही.

ताईंची एक खोड होती. कोट तयार झाला की त्या तो उलटा करायच्या, अस्तर बाहेर आणि कापड आत, आणि तसाच अंगात घालून आरशासमोर उभ्या राहायच्या. हात वर, हात खाली, वाकायचं, वळायचं. मास्तर चिडवायचे, "उलटा कोट घालून फिरायला निघालीस की काय?"

"आतून बघते," ताई म्हणायच्या. "बाहेरून बघायला तुम्ही आहातच."

आईवडील लवकर गेले होते. धाकटा भाऊ याच अस्तरांवर शिकला, लिफ्ट दुरुस्त करायला लागला, त्याने घर केलं, लग्न केलं. ताई मात्र दुकानाच्या वरच्या खोलीतच राहिल्या. मग मास्तर थकले, मुलांना तयार कपड्यांचा धंदा बरा वाटला, आणि एक दिवस दुकानाला कुलूप लागलं. त्रेसष्टाव्या वर्षी ताई एक ट्रंक आणि स्वतःची कात्री घेऊन भावाच्या दारात उभ्या राहिल्या. "खोली मिळेपर्यंत," त्या म्हणाल्या. भावाने ट्रंक उचलून आत नेली. भावजयीने चहा टाकला आणि मनात विचार केला की खोली लवकर मिळाली तर बरं.

तिचाही दोष नव्हता. भावजय बाई कामाची, पण तोंडाने फटकळ. तेरा वर्षं एका शाळेच्या स्वयंपाकघरात ढीगभर पोरांना जेवू घालून तिने ती नोकरी सोडली होती आणि घराच्या मागच्या खोलीत एक ड्रायर बसवला होता. लोखंडी कपाटासारखा उंच. तळाशी पंखा आणि तापणारी तार, वर एकावर एक दहा जाळीचे ट्रे. प्लम नाहीतर सफरचंद शिजवून त्याचा घट्ट गर करायचा, ट्रेवर पातळ पसरायचा, आणि दहा तास गरम हवेत ठेवायचा. गराची चामड्यासारखी लवचीक पट्टी होते. ती सोलून काढायची आणि गुंडाळी करून ठेवायची. महिनोन्‌महिने टिकते. ऐकायला किती सोपं!

प्रत्यक्षात पट्टी सोलून निघायचीच नाही. गर जाळीच्या भोकांत उतरायचा आणि तिथेच वाळून घट्ट बसायचा. भावजयीने ट्रेला तेल लावून पाहिलं, तर पट्टीला चार दिवसांत खवट वास यायला लागला. पातळ फडकं घातलं, तर खाणाऱ्याच्या दातात दोरे. मेणकागद घातला तेव्हा तर कहरच झाला. उष्णतेने मेण वितळून गरात गेलं आणि प्लमच्या पट्टीला मेणबत्तीची चव आली. शेवटी बटर पेपर आणला. तो चांगला होता, काही चिकटत नव्हतं, पण पंखा सुरू झाला की कागद फडफडायचा, कोपरे उचलले जायचे आणि गर हमखास त्याच्या खाली पळायचा. रोज सकाळी भावजय मागच्या अंगणात उकिडवी बसून बोथट सुरीने ट्रे खरवडायची आणि ड्रायर बनवणाऱ्याच्या सात पिढ्यांची आठवण काढायची.

ताई हे सगळं दारातून बघायच्या. त्यांना येऊन दोन महिने झाले होते आणि त्या दोन महिन्यांत भावजयीला त्यांनी जेरीस आणलं होतं. भांडून नव्हे, कामं करून. स्वतःचं ताट स्वतः घासायच्या. भाजी निवडल्याशिवाय जेवायला बसायच्या नाहीत. दुसऱ्यांदा वाढायला गेलं की ताटावर आडवा हात. पाहुणी म्हणावं तर फार राबते, घरची म्हणावं तर फार संकोचते. अशा माणसाशी वागायचं कसं?

त्यातच नदीपलीकडच्या निवासाचं पत्र आलं. एकट्या वयस्कर बायकांसाठी ती जागा होती. ताईंनी येताक्षणीच तिथे अर्ज केला होता, हे भावालाही माहीत नव्हतं. एक खोली रिकामी होत होती आणि येत्या शनिवारपर्यंत हो की नाही कळवायचं होतं.

"तिथे शिवणखोली आहे," ताई म्हणाल्या. "चादरी-उशा शिवायला माणूस हवंय त्यांना. बघू. कळवते अजून."

भाऊ त्या दिवशी नीट जेवला नाही. मागाहून बायकोला म्हणाला, "तिला नुसतं 'राहा' म्हणून चालणार नाही. हाताला काम नसलं तर तिच्या घशाखाली घास उतरत नाही. पण ती गेली ना, तर मला माझं घर आवडेनासं होईल."

 हे आपल्याला ऐकवलं नसतं तर बरं झालं असतं, असं भावजयीला वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती ट्रे खरवडत असताना ताई शेजारी येऊन बसल्या. "कागद नुसता टाकतेस का गं?" त्यांनी विचारलं. "अस्तरासारखा लावत का नाहीस?"

"कागदाला काय शिवायचंय, ताई?"

"दे इकडे."

ताईंनी ट्रे मांडीवर घेतला. टेप लागला नाही, वितीने मापला. कागद ट्रेच्या आतल्या मापापेक्षा थोडा लहान कापला. कडा अर्धा बोट आत दुमडून नखाने दाबल्या, तशी कागदाच्या काठाला वजन आलं. कोपऱ्यांत, जिथे जाळी चौकटीला वळते तिथे, बगलेच्या गोलाईला देतात तसे दोन-दोन बारीक काप दिले. कागद कोपऱ्यात सपाट बसला. मग सुई काढली आणि चारही कोपऱ्यांत सुती दोऱ्याचा एकेक लांब कच्चा टाका जाळीतून घातला. "पट्टी निघाली की दोरा ओढून टाकायचा," त्या म्हणाल्या. एका बाजूला कागदाची बोटभर जीभ बाहेर सोडली, धरून ओढायला.

त्या ट्रेवरची पट्टी संध्याकाळी एका ओढीत निघाली. फाटली नाही, कुठे पातळ नाही, कुठे जाड नाही. भावजयीने ती उजेडासमोर धरली आणि तिचा जीव भांड्यात पडला. फक्त एका बाजूला, जिथे कागद आणि चौकट यांच्यात फट होती, तिथे थोडासा गर जाळीवर उतरून चिकटला होता. तेवढा तिने सुरीने खरवडला. पण महिनोन्‌महिने खरवडून जिचे हात सोलले आहेत, तिला तेवढंही सहन होत नाही.

आणि नेमकी तेव्हाच मोठी मागणी आली. डोंगर चढणाऱ्यांचं सामान विकणारा एक दुकानदार होता. बावीस जणांची एक टोळी पंधरवड्यासाठी बर्फात जाणार होती आणि त्यांना सोबत न्यायला पन्नास पट्ट्या हव्या होत्या, अखंड, गुरुवारपर्यंत. भावजयीला एवढं मोठं काम आधी कधीच मिळालं नव्हतं. रविवारी ती प्लम आणायला बाजारात निघाली आणि ताईंना सांगून गेली की सगळ्या ट्रेंना कागद लावून ठेवा, पण या वेळी फट नको.

"फट नसली तर हवा वर जाईल ना?" ताईंनी विचारलं.

"हवेचं मी बघते, तुम्ही कागदाचं बघा," भावजय म्हणाली. तरी तिचं समाधान झालं नाही. तिने एका कागदावर मोठ्या अक्षरात लिहिलं, "कुठेही फट ठेवू नये. कागद काठावर पूर्ण चढवावा," आणि तो चुंबकाने ड्रायरच्या दाराला लावला.

ताईंनी सांगितलं तसंच केलं. आणि ताईंनी सांगितलं तसं केलं म्हणजे काय, ते समजून घ्यायला हवं. फट नको म्हणजे सुईच्या टोकाएवढीसुद्धा नको. कागद काठावरून बाहेर वळवून चौकटीला टाचला. दहाही ट्रे असे झाले की आरशासारखे. संध्याकाळी गर पसरला आणि ट्रे आत गेले.

सोमवारी सकाळी भावजयीने दार उघडलं तर आंबूस वासाचा भपकारा आला. सगळ्यात खालच्या ट्रेमधली पट्टी करपून काचेसारखी तडकली होती, आणि वरच्या नऊ ट्रेंमधला गर कालच्याइतकाच ओला होता. त्यावर बुडबुडे आले होते. वीस किलो प्लम पाण्यात गेले.

भावजयीच्या तोंडाला आवर राहिला नाही. "चौतीस वर्षं कापड कापलंत म्हणून सगळंच जमतं असं नाही, ताई. हे खायचं काम आहे. यापुढे ट्रेला हात लावू नका."

 ताईंनी आंबलेला गर बादलीत काढला, दहाही ट्रे घासले, पुसले, उन्हात उभे करून ठेवले आणि आत गेल्या. दुपारी त्यांनी निवासाला फोन करून हो कळवलं आणि शनिवारी अकरा वाजता न्यायला गाडी सांगितली.

भावाने बायकोकडे एकदा बघितलं आणि कामावर निघून गेला. तो ओरडला असता तर तिला सोपं गेलं असतं.

मंगळवारी भावजय स्वतःच कात्री घेऊन बसली. दुकानदाराच्या हातापाया पडून शनिवारची मुदत मागून घेतली होती, नवे प्लम आणले होते, आणि वेळ मुळीच नव्हता. तिने कापलेले कागद पाहून कुणालाही रडू आलं असतं. एक तिरका, एक आखूड, एकाची कड कुरतडल्यासारखी. कुठे चार बोटं फट, कुठे पाच. कोपऱ्यांवर वाट्या ठेवून तिने कसेबसे ते दाबले, गर पसरला आणि दार आपटलं.

संध्याकाळी उघडलं, तर सगळे ट्रे वाळलेले. दहाच्या दहा. कडेकडेने चिकटले होते, अर्ध्याअधिक पट्ट्या काढताना फाटल्या, पण ओला एकही नव्हता. भावजयीने सगळ्यात वरच्या ट्रेवर हात धरला. फटींमधून ऊबदार हवा येत होती. काल ती हवा तळातच कोंडली गेली होती, कारण तिला वर यायला रस्ताच ठेवला नव्हता. कुणी ठेवला नव्हता? भावजयीने दार लावलं आणि समोर तिचंच अक्षर. कुठेही फट ठेवू नये.

तिला कुणी तोंडात मारल्यासारखं झालं. ताईंनी विचारलं होतं. हवेचं विचारलं होतं!

ताई आतल्या खोलीत ट्रंक भरत होत्या. भावजय दारातच उभी राहिली.

"ताई, चूक माझी होती."

"माहीत आहे मला," ताई साडीची घडी घालत म्हणाल्या.

"मग बोलला का नाहीत? मी एवढं टाकून बोलले, तेव्हा ती चिठ्ठी माझ्या नाकासमोर धरायची ना!"

ताईंनी घडी ट्रंकेत ठेवली, वरून हात फिरवला. "गिऱ्हाईक कोट परत घेऊन यायचं गं. खांद्यात ओढतोय म्हणायचं. मास्तर तिथूनच मला हाक मारायचे, अस्तर तपास म्हणून. खांदा त्यांनीच कापलेला. मी अस्तर उसवायचे, खांदा सैल करायचे, परत अस्तर लावून द्यायचे. गिऱ्हाईक खूश. मास्तर खूश."

"आणि तुम्ही?"

"दुसऱ्याच्या दुकानात बोलायचं नसतं."

"हे काय दुकान आहे?"

"नाही. पण तुझं आहे."

भावजयीला रडू फुटेल असं वाटलं, आणि ताईंसमोर रडणं तिला परवडणारं नव्हतं. राहा, असं म्हणायला जीभ रेटेना. दोन महिने जे कधी म्हटलं नाही ते आता म्हटलं, तर ते कामापुरतं वाटलं असतं, आणि थोडंसं तसं होतंही. म्हणून ती एवढंच म्हणाली, "मला कागद लावून हवेत. तीन बोटं फट ठेवून."

"तीन कशाला? दोन पुरे," ताई म्हणाल्या. "आणि सगळ्यांना एकाच बाजूला नको ठेवू. एका ट्रेला डावीकडे, त्याच्या वरच्याला उजवीकडे. हवा वळत वळत वर जाईल, सगळ्यांवरून फिरेल. फटीच्या बाजूची कड जरा जास्त दुमडली की गर तिथे थांबेल, जाळीवर उतरणार नाही. अस्तर कधी ताणून लावायचं नसतं. कोटाच्या पाठीत सुद्धा आतून एक चुणी सैल सोडतात, नाहीतर माणसाने हात वर केला की उसवतं." त्या उठल्या. "गाडी शनिवारी आहे. शुक्रवारपर्यंत तुझ्या पट्ट्या होतील."

बुधवार ते शुक्रवार त्या मागच्या खोलीत जे चाललं, ते भावजय जन्मात विसरणार नाही. ताईंची कात्री एकदा चालू झाली की थांबायची नाही आणि घाईही करायची नाही. प्रत्येक कागद कापून झाला की त्या तो उलटा करून बघायच्या. खालची बाजू कुणाला दिसणार होती? पण बघायच्या. दुमड वाकडी असली की उलगडून पुन्हा. एकदा भावजय वैतागून म्हणाली, "ताई, दहा तासांनी हा कागद कचऱ्यात जाणार आहे!"

"म्हणून दहा तास वाकडा राहू दे?"

 भावजयीने गर ढवळायला घेतला. गुरुवारी पहिल्यांदा तिच्या लक्षात आलं की एवढी वर्षं आपण झपाझप काम करणं म्हणजे चांगलं काम करणं असं समजत होतो. तिने हे कुणाला सांगितलं नाही, पण त्या संध्याकाळी गर पसरताना चमचा सावकाश फिरवला. शुक्रवारी संध्याकाळपर्यंत पन्नास पट्ट्या निघाल्या. एकही फाटली नाही. सोलताना कागद सुटण्याचा जो आवाज यायचा, तो ऐकायला ताईंचा भाऊसुद्धा कामावरून लवकर येऊन दारात उभा राहिला.

पण ट्रंक भरलेलीच होती. शनिवारी सकाळी ती दारापाशी आली, वर कात्री, कापडात गुंडाळलेली. भावजय सकाळपासून वाक्यं जुळवत होती आणि एकही जुळत नव्हतं.

दहाला दुकानदार आला. लठ्ठ, खणखणीत आवाजाचा माणूस. त्याने एक गुंडाळी सोडली, उजेडात धरली, तुकडा तोडून चावला आणि मान हलवली. "माल झकास आहे," तो म्हणाला. "पण दोन दिवस उशीर झाला. माझी माणसं उद्या निघायची आहेत, मला किती बोलणी खावी लागली! झालं होतं काय?"

"ते आमचं यंत्र जरा..." भावजयीने सुरुवात केली. भाऊ बुटाची नाडी न्याहाळायला लागला.

"यंत्राला काही झालं नव्हतं," ट्रंकेशेजारून ताई म्हणाल्या.

सगळ्यांनी वळून बघितलं.

"चूक हिची होती," ताई म्हणाल्या.  "मी हिला विचारलं होतं, हवा वर जाईल का म्हणून. हिने ऐकून घेतलं नाही. वर मलाच बोलली. मी अस्तर बरोबर लावलं होतं."

 ताईंनी स्वतःच पटकन तोंडावर हात ठेवला. चौतीस वर्षांत एकदाही, एकाही गिऱ्हाइकासमोर, एकाही कोटाबद्दल हे वाक्य त्यांच्या तोंडून निघालं नव्हतं, आणि आता निघालं ते थेट भावजयीच्या पहिल्या मोठ्या गिऱ्हाइकासमोर. भावजयीला खरं तर मेल्याहून मेल्यासारखं व्हायला हवं होतं. पण तिला इतका आनंद झाला की तिला तो लपवता येईना. असं चारचौघांत आपल्या माणसाचे वाभाडे माणूस फक्त स्वतःच्या घरात काढतं.

"हो, चूक माझीच," ती दुकानदाराला म्हणाली. "आणि या आमच्या ताई. या पहिल्यापासून अशाच बोलतात."

दुकानदार हसत हसत पेट्या घेऊन गेला. भाऊ अजून नाडीतच अडकला होता, पण आता त्याला नाडी दिसत नव्हती, डोळे पुसत होता. बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. एकदा, मग पुन्हा.

भावजयीने ताईंकडे बघितलं. ताईंनी ट्रंकेकडे बघितलं, मग मागच्या खोलीच्या दाराकडे, आणि मग भावजयीकडे.

"बघत काय बसलीस? जा, सांग त्याला, चुकून बोलावलं म्हणून."

"आणि त्याने विचारलं, चूक कोणाची?"

"ही माझी," ताई म्हणाल्या. "सांग बेलाशक."

भावजय चपला न घालताच रस्त्यावर पळाली.